लाल ब्रिगेड कारखान्यात जन्मली, पण ती संपली नेमकी कुठे?

जुना_फिटर (धागाकर्ता)

गेल्या रविवारी बिंदू चौकाजवळच्या आमच्या अभ्यासवर्तुळात इटलीतील लाल ब्रिगेड या डाव्या सशस्त्र संघटनेचा, म्हणजे तिकडच्या भाषेत 'ब्रिगाते रोस्से'चा विषय निघाला. तिथले माजी पंतप्रधान आल्दो मोरो यांच्या १९७८ मधील हत्येनंतर सरकार खडबडून जागे झाले, पोलिसांनी संघटना मोडून काढली आणि प्रकरण मिटले, असे एका तरुण मित्राने ठामपणे मांडले. मला ते पटले नव्हते, पण तेवढ्यात चहा आला आणि चर्चा दुसरीकडे वळली, म्हणून तेव्हा बोलायचे राहिले ते इथे सविस्तर लिहीत आहे. मी उद्यमनगरात ३१ वर्षे फिटर म्हणून काम केले आणि त्यांपैकी ११ वर्षे युनियनच्या कमिटीवर होतो. त्यामुळे हा इतिहास मला रोममधून कमी आणि कारखान्याच्या गेटवरून जास्त दिसतो. वाचकांनी तेवढा झुकाव गृहीत धरावा.

१९६९ च्या शरद ऋतूत उत्तर इटलीतील कारखान्यांत संपांची जी लाट आली, तिला तिथे 'तप्त शरद' म्हणतात. दक्षिणेतील गरीब खेड्यांतून तुरीनला आलेली, दाटीवाटीच्या खोल्यांत राहणारी तरुण मुले फियाटच्या मिराफिओरी कारखान्यात असेंब्ली लाइनवर उभी होती, आणि जुन्या कामगारांइतकी सहनशीलता त्यांच्यात नव्हती. त्या उघड लढ्यातून वेतनवाढ मिळाली, चाळीस तासांच्या आठवड्याचा करार झाला, मे १९७० मध्ये कामगार हक्कांचा कायदाही आला. म्हणजे इटलीचा कामगार हरत असताना नव्हे, तर जिंकत असताना ही सशस्त्र संघटना जन्मली, ही गोष्ट बहुतेक लेखांत कडेला पडते.

मग शस्त्रांची गरज कुणाला आणि का वाटली? १२ डिसेंबर १९६९ रोजी मिलानच्या पियात्सा फोंताना चौकातील बँकेत बॉम्बस्फोट होऊन १७ माणसे मेली. पोलिसांनी दोष अराजकवाद्यांवर टाकला, आणि चौकशीसाठी नेलेला रेल्वे कामगार जुसेप्पे पिनेल्ली तीन दिवसांनी पोलीस मुख्यालयाच्या चौथ्या मजल्यावरील खिडकीतून खाली पडून मेला. स्फोट नवफॅसिस्टांनी घडवला होता, हे न्यायालयांनी कितीतरी वर्षांनी म्हटले. पण त्या वेळच्या तरुणांपैकी अनेकांनी त्याच आठवड्यात निष्कर्ष काढला होता की सरकार आणि फॅसिस्ट यांचे आतून संगनमत आहे आणि लष्करी उठाव होण्याआधी आपण तयार असले पाहिजे. ही भीती अगदीच निराधार होती असे मी म्हणणार नाही.

त्रेन्तो विद्यापीठात समाजशास्त्र शिकलेले रेनातो कुर्चो आणि मार्गेरिता कागोल हे जोडपे, रेज्जो एमिलियातील कम्युनिस्ट युवक संघटनेतून बाहेर पडलेला अल्बेर्तो फ्रान्चेस्किनी आणि त्याचे मित्र, तसेच मिलानच्या सिट-सीमेन्स आणि पिरेल्ली या कारखान्यांतील काही कामगार व तंत्रज्ञ यांच्या एकत्र येण्यातून १९७० मध्ये लाल ब्रिगेड उभी राहिली. पुढे ज्याच्या हाती सगळी सूत्रे गेली, तो मारिओ मोरेत्तीही सिट-सीमेन्समध्येच तंत्रज्ञ होता.

त्यांची सुरुवातीची कृत्ये आज वाचताना जवळजवळ पोरकट वाटतात. नकोशा अधिकाऱ्यांच्या मोटारी जाळायच्या आणि कारखान्यात पत्रके टाकायची, एवढाच तो कार्यक्रम होता. ३ मार्च १९७२ रोजी त्यांनी सिट-सीमेन्सचा अधिकारी इदाल्गो माक्कियारिनी याला गाडीत कोंबले, गळ्यात पाटी अडकवून आणि चेहऱ्याला पिस्तूल लावून त्याचा फोटो काढला आणि थोड्याच वेळात सोडून दिले. एकाला शिक्षा करून शंभरांना शिकवण्याची घोषणा त्या पाटीवर होती. डिसेंबर १९७३ मध्ये फियाटचा कर्मचारी विभागप्रमुख एत्तोरे आमेरिओ याला आठ दिवस डांबले आणि तोही जिवंत परत आला.

यावर कारखान्यात लोक हसले असणार, याबद्दल मला शंका नाही. आमच्या शॉपमधील एका अतिशय त्रासदायक सुपरवायझरच्या स्कूटरच्या टाकीत कुणीतरी साखर टाकली होती. संध्याकाळी तो स्कूटर ढकलत गेटबाहेर पडला तेव्हा सगळा शॉप खाली मान घालून हसला, मीही हसलो. पण उद्या कुणी त्याच्या पायात गोळी घातली तरी आम्ही हसू, असा त्या हसण्याचा अर्थ नव्हता. लाल ब्रिगेडची मूळ चूक माझ्या मते इथेच आहे. कामगारांच्या हसण्याला आणि नंतर त्यांच्या गप्प बसण्याला तिने संमती मानले, आणि भूमिगत झाल्यावर ते हसणे थांबले आहे हे ऐकायला तिच्यापाशी कानच उरले नाहीत.

एप्रिल १९७४ मध्ये जेनोवाचे सरकारी वकील मारिओ सोस्सी यांचे अपहरण झाले आणि रोख कारखान्याकडून सरकारकडे वळला. सोस्सी सुटले, पण जूनमध्ये पादुआ येथे नवफॅसिस्ट पक्षाच्या कार्यालयात दोन माणसे मारली गेली. सप्टेंबरमध्ये पेरलेल्या खबऱ्यामुळे कुर्चो आणि फ्रान्चेस्किनी पकडले गेले. फेब्रुवारी १९७५ मध्ये कागोलने साथीदारांसह तुरुंगात घुसून नवऱ्याला सोडवले आणि जूनमध्ये ती स्वतः पिएमोन्तेतील एका शेतघराजवळ पोलिसांच्या गोळीबारात मेली. त्यानंतर मरणाऱ्यांची यादी वाढत गेली: जून १९७६ मध्ये सरकारी वकील फ्रान्चेस्को कोको आणि त्यांचे दोन रक्षक, एप्रिल १९७७ मध्ये तुरीनच्या वकील संघटनेचे अध्यक्ष फुल्विओ क्रोचे, नोव्हेंबरमध्ये 'ला स्ताम्पा'चे सहसंपादक कार्लो कासालेन्यो. खटल्यातील आरोपी वकील घेण्यास नकार देत होते आणि कायद्यानुसार त्यांच्या बचावाची सोय लावणे क्रोचे यांच्याकडे आले होते, एवढाच त्या वृद्ध वकिलाचा दोष. मग त्या खटल्यासाठी ज्यूरी मिळेना. नागरिकांनी नैराश्याच्या आजाराचे वैद्यकीय दाखले आणून सुटका करून घेतली. (रजेसाठी दाखला आणणारे मी पुष्कळ पाहिले, भीतीसाठी दाखला आणणारे पहिल्यांदाच वाचले.)

आता मूळ मुद्दा. जेनोवाच्या इटालसिदेर या पोलाद कारखान्यात ग्विदो रोस्सा नावाचा कामगार होता. तो कम्युनिस्ट पक्षाचा सदस्य, डाव्या युनियनचा प्रतिनिधी आणि फार चांगला गिर्यारोहक होता. कारखान्यातील कॉफीच्या यंत्राजवळ लाल ब्रिगेडची पत्रके सापडत असत. ऑक्टोबर १९७८ मध्ये ती ठेवणारा माणूस, फ्रान्चेस्को बेरार्दी, रोस्साने ओळखला आणि तक्रार केली. सोबतचे प्रतिनिधी सही करायला कचरले आणि न्यायालयात साक्ष देणारा तो एकटाच उरला. २४ जानेवारी १९७९ च्या पहाटे, अजून अंधार असताना, तो कामावर जाण्यासाठी आपल्या लहानशा फियाटमध्ये बसला आणि तिथेच त्याला गोळ्या घातल्या गेल्या. कामगारवर्गाच्या नावाने बंदूक उचललेल्या संघटनेने पहिल्या पाळीला निघालेला कामगार मारला. त्याच्या अंत्ययात्रेला सुमारे अडीच लाख लोक आले. लाल ब्रिगेड माझ्या मते त्या गाडीत संपली. पुढची वर्षे ही केवळ पडझडीची होती.

शाहूमिलचा_भोंगा

फिटरकाका, लेख एका दमात वाचला. सकाळच्या वेळी घराजवळ माणसाला गोळ्या घालणे म्हणजे काय, हे फेब्रुवारी २०१५ पासून कोल्हापूरला कुणी समजावून सांगायला नको. पानसरे अण्णा फिरून परतत होते. मारणारे वेगळे, विचार वेगळे, देश वेगळा; तरीही तुमचा तो परिच्छेद वाचताना मला सागरमाळच आठवले.

आता एक अवघड प्रश्न विचारतो. माझे वडील गिरणीत होते आणि आमच्या घरात मालकाकडे चहाडी करणाऱ्याला पाणीसुद्धा विचारले जात नसे. रोस्साने जे केले ते, बेरार्दी कितीही चुकलेला असला तरी, सोबतच्या कामगाराला पोलिसांच्या हवाली करणे होते. जे कचरले ते केवळ भित्रे होते असे म्हणता येईल का?

राजारामपुरी_दहावी_गल्ली

मी राज्यशास्त्र शिकवते आणि जुना_फिटर यांच्या मांडणीचा आदर राखून त्यांच्याशी मतभेद नोंदवते. रोस्सा यांचा मृत्यू हृदयद्रावक आहे, परंतु निर्णायक वळण मोरो प्रकरणच होते, आणि तेही पोलिसांमुळे नव्हे, तर राजकारणामुळे.

१९७६ च्या निवडणुकीत इटालियन कम्युनिस्ट पक्षाला ३४.४ टक्के मते मिळाली होती. चिलेमध्ये १९७३ साली आयेंदे यांचे निवडून आलेले डावे सरकार लष्कराने उलथवले, त्यावरून पक्षाचे सरचिटणीस एन्रिको बेर्लिंग्वेर यांनी असा धडा घेतला होता की ५१ टक्के मतांवर इटलीत डाव्यांना राज्य करू दिले जाणार नाही आणि ख्रिस्ती लोकशाही पक्षाशी 'ऐतिहासिक तडजोड' करावी लागेल. त्या पक्षात ही तडजोड पुढे नेणारे नेते म्हणजे आल्दो मोरो. १६ मार्च १९७८ रोजी कम्युनिस्टांच्या पाठिंब्यावर उभे राहणारे आन्द्रेओत्ती सरकार संसदेपुढे विश्वासदर्शक ठरावासाठी जाणार होते. त्याच सकाळी रोमच्या व्हिया फानी रस्त्यावर मोरो यांचे पाचही अंगरक्षक मारून त्यांना पळवण्यात आले.

पुढचे ५५ दिवस म्हणजे एका राष्ट्राची जाहीर परीक्षा होती. मोरो यांच्या बदल्यात १३ कैद्यांची सुटका मागण्यात आली. सरकारने आणि कम्युनिस्ट पक्षाने वाटाघाटींना ठाम नकार दिला, समाजवादी पक्षाचे बेत्तिनो क्राक्सी मार्ग शोधण्याच्या बाजूने राहिले, आणि पोप सहावे पॉल यांनी ब्रिगेडच्या माणसांना स्वतःच्या हाताने पत्र लिहून विनवणी केली. मोरो स्वतः कोठडीतून पक्षातील सहकाऱ्यांना पत्रे लिहीत होते आणि सहकारी म्हणत होते की ही पत्रे मोकळ्या मनाने लिहिलेली नाहीत. ९ मे रोजी त्यांचा मृतदेह व्हिया काएतानी या गल्लीत एका लाल रेनॉ गाडीच्या मागच्या भागात सापडला. दोन्ही मोठ्या पक्षांची मुख्यालये तिथून जवळच होती. कुटुंबाने सरकारला बाजूला ठेवून खासगीत दफन केले. चार दिवसांनी झालेल्या सरकारी अंत्यविधीला पोप उपस्थित होते, मृतदेह नव्हता.

आता फिटर यांच्या मुद्द्याकडे येते. अपहरणाच्याच दिवशी तिन्ही मोठ्या युनियनांनी सार्वत्रिक संप पुकारला आणि लाखो कामगार ब्रिगेडच्या विरोधात रस्त्यावर आले. म्हणजे नकार रोस्सा यांच्या दहा महिने आधीच देऊन झाला होता. संघटनेच्या आतही हत्येच्या प्रश्नावर फूट पडली. व्हालेरिओ मोरुच्ची आणि आद्रियाना फारांदा यांनी मोरो यांना मारण्यास विरोध केला आणि पुढे ते बाहेर पडले. ज्या तडजोडीला ब्रिगेड शत्रू मानत होती ती १९७९ मध्ये मोडली, पण त्यातून क्रांती आली नाही. कम्युनिस्ट पक्ष विरोधी बाकांवर परतला, एवढेच झाले.

पन्हाळ्याचा_पाऊस

मोरो प्रकरणात तुम्ही सगळे इतके सरळ कसे काय चालता, याचे आश्चर्य वाटते. १८ एप्रिल १९७८ रोजी एक बनावट निवेदन आले की मृतदेह दुकेस्सा तलावात आहे, आणि बर्फ फोडून शोध घेण्यात आला. त्याच दिवशी रोममध्ये व्हिया ग्रादोली येथील मोरेत्तीचा अड्डा सापडला, आणि तो का सापडला, तर नळाचे पाणी गळून खालच्या मजल्यावर आले म्हणून! त्याआधी २ एप्रिलला बोलोन्याजवळ काही प्राध्यापक मंडळी प्लँचेट करत बसली होती, त्यांच्यात पुढे पंतप्रधान झालेले रोमानो प्रोदी होते, आणि त्या प्लँचेटमध्ये 'ग्रादोली' हा शब्द आला. पोलिसांनी ग्रादोली नावाचे खेडे धुंडाळले, पण त्याच नावाचा रस्ता पाहिला नाही. हे सगळे योगायोग मानायचे?

राजारामपुरी_दहावी_गल्ली

पाऊससाहेब, आपण दिलेले तपशील खरे आहेत, आणि प्लँचेटची गोष्ट कुणाला तरी खबर देणाऱ्याचे नाव लपवायचे असावे म्हणून सांगितली गेली, असा संशय इटलीत व्यापक आहे. त्या काळच्या गुप्तचर यंत्रणेत शिरलेल्या पी-दोन नावाच्या गुप्त मंडळाची यादी १९८१ मध्ये उघड झाली, हेही खरे. पण संसदीय समित्या आणि एकामागून एक खटले होऊनही मोरो यांना कुणी पळवले आणि कुणी मारले, याचे उत्तर लाल ब्रिगेडच असे आले आहे. सरकारची नालायकी आणि सरकारचा कट यांत फरक करावा लागतो. कटाच्या सिद्धान्तात एक सोय असते: आपल्याच विचाराच्या माणसांनी हे केले, ही गोष्ट मान्य करण्यापासून डाव्यांची सुटका होते.

वारणाकाठचा

थोडी वेगळी भर घालतो. दुसऱ्या महायुद्धात जर्मनांशी आणि फॅसिस्टांशी डोंगरांत लढलेल्या पार्टिझनांचा वारसा ब्रिगेडने सांगितला. तिच्या नावातील 'ब्रिगेड' हा शब्दही तिथूनच येतो. युद्धानंतर शस्त्रे खाली ठेवावी लागली म्हणून नाराज असलेल्या एका जुन्या पार्टिझनाने आपले पिस्तूल दिल्याचे फ्रान्चेस्किनीने पुढे सांगितले आहे.

आमच्या भागात पत्री सरकारच्या आठवणी अजून घराघरांत आहेत, म्हणून ही तुलना मनात येते. क्रांतिसिंह नाना पाटील भूमिगत होते, त्यांच्या माणसांकडेही बंदुका होत्या. पण स्वातंत्र्यानंतर ते उघड राजकारणात आले आणि १९५७ मध्ये साताऱ्यातून व १९६७ मध्ये बीडमधून लोकसभेवर निवडून गेले. इटलीतील बहुसंख्य पार्टिझनांनीही हेच केले. त्यांच्या नातवंडांच्या वयाच्या मुलांनी मात्र आजोबांची अपुरी राहिलेली लढाई आपण पूर्ण करत आहोत असे मानले, आणि आजोबांना विचारले नाही.

इथे नक्षलबारीचीही चर्चा व्हावी असे वाटते.

जुना_फिटर (धागाकर्ता)

वारणाकाठचा यांना विनंती की नक्षलबारीसाठी स्वतंत्र धागा काढावा, मी तिथे नक्की येईन. जमिनीचा प्रश्न आणि जंगल यांवर उभी राहिलेली चळवळ आणि मोटार कारखान्याच्या शहरातली संघटना एकाच फूटपट्टीने मोजू नयेत. पार्टिझनांबद्दलचा मुद्दा मात्र मोलाचा आहे. रोस्साच्या अंत्यविधीला आलेले राष्ट्राध्यक्ष सान्द्रो पेर्तिनी स्वतः फॅसिस्टांच्या तुरुंगात वर्षानुवर्षे राहिलेले पार्टिझन होते. जेनोवाच्या गोदी कामगारांसमोर जाऊन त्यांनी सांगितले की खऱ्या लाल ब्रिगेड आपण पाहिल्या आहेत आणि त्या फॅसिस्टांशी लढल्या होत्या. आजोबांना कुणी विचारले नव्हते, तरी त्यांनी उत्तर दिलेच.

प्राध्यापकबाईंच्या मार्चमधील संपाच्या मुद्द्याला उत्तर देतो. तो संप खरा होता आणि प्रचंड होता. पण संपाच्या दिवशी चौकात हजारोंच्या घोळक्यात उभे राहणे आणि सोमवारी आपल्याच खात्यात, आपल्याच यंत्राशेजारच्या माणसाबद्दल तोंड उघडणे यांत फार अंतर असते. त्या संपानंतर सात महिने उलटले तरी इटालसिदेरमध्ये कॉफीच्या यंत्राजवळ पत्रके पडतच होती. ना सरकारच्या बाजूने, ना ब्रिगेडच्या बाजूने, अशी एक घोषणाच त्या काळी इटलीत प्रचलित होती आणि कारखान्यांतील पुष्कळांना ती सोयीची वाटत होती. चौकाने नकार मार्चमध्ये दिला असेल. खात्याने तो जानेवारीत दिला.

भोंगासाहेब, तुमच्या प्रश्नावर मी दोन दिवस विचार करतो आहे. आमच्या कमिटीच्या काळात एकदा मॅनेजरला जिवे मारण्याची धमकी देणारी निनावी चिठ्ठी नोटीस बोर्डावर लागली. अक्षर कुणाचे ते आम्हा पाचही जणांना कळले होते, कारण तो माणूस आमच्या पावत्या लिहीत असे. मालकाने विचारले तेव्हा आम्ही पाचही जण गप्प बसलो. पुढे काही झाले नाही, तो माणूस शांत झाला, निवृत्तही झाला. पण काही झाले नाही हे आमचे नशीब होते, शहाणपण नव्हते. चहाडी म्हणजे मालकाच्या फायद्यासाठी सोबत्याला विकणे. रोस्साला मालकाकडून काहीच मिळणार नव्हते, आणि जे मिळणार होते त्याची त्याला कल्पना होती. बाकीच्यांना मी भित्रे म्हणत नाही, कारण मीही त्या पाचांतला एक होतो.

करवीरची_लेक

काका, मी वकील आहे, त्यामुळे धाग्यातून सुटलेला कायद्याचा भाग मांडते. संघटनेचा नैतिक अंत कुठेही झालेला असो, तिचा प्रत्यक्ष अंत कबुलीजबाबांनी झाला, आणि कबुलीजबाब कायद्याने विकत घेतले गेले. फेब्रुवारी १९८० च्या कायद्याने सहकार्य करणाऱ्या आरोपीला शिक्षेत मोठी सूट देऊ केली. त्याच महिन्यात तुरीनच्या गटाचा प्रमुख पात्रित्सिओ पेची पकडला गेला आणि जनरल कार्लो अल्बेर्तो दाल्ला किएझा यांच्या माणसांपुढे बोलू लागला. त्याने दिलेल्या माहितीवरून २८ मार्च १९८० च्या पहाटे जेनोवातील व्हिया फ्राक्किया येथील सदनिकेवर छापा पडला आणि आतले चौघे मारले गेले. त्यांत रोस्सा यांच्यावर शेवटच्या गोळ्या झाडणारा रिक्कार्दो दुरा होता. एकामागून एक अड्डे उघडे पडले, शेकडोंना अटक झाली. एप्रिल १९८१ मध्ये मोरेत्तीही सापडला.

याचे उत्तर म्हणून ब्रिगेडने पेचीच्या भावाला, रोबेर्तोला, पळवले. त्याला जवळपास दोन महिने डांबून ठेवले, त्याच्यावर 'खटला' चालवून त्याचे चित्रीकरण केले आणि ऑगस्ट १९८१ मध्ये त्याला मारले. ज्याने काही केले नव्हते अशा भावाला मारून कुणाचीही जीभ बंद झाली नाही. उलट आणखी लोक बोलू लागले. डिसेंबर १९८१ मध्ये व्हेरोना येथून अमेरिकी जनरल जेम्स डोझियर यांचे अपहरण झाले आणि २८ जानेवारी १९८२ रोजी पोलिसांनी पादुआतील घरातून त्यांना एकही गोळी न झाडता सोडवले. तिथे पकडलेला आन्तोनिओ साव्हास्ता इतके बोलला की उरलेले जाळेही फाटले. १९८२ आणि १९८७ च्या कायद्यांनी आणखी वाटा उघडल्या. दुसऱ्या कायद्यात नावे न सांगताही हिंसेपासून जाहीरपणे फारकत घेणाऱ्याला सवलत होती.

पण वकील म्हणून मी हेही लिहिलेच पाहिजे की या काळात न्यायव्यवस्थेने आपली किंमत मोजली. एप्रिल १९७९ मध्ये पादुआचे प्राध्यापक आन्तोनिओ नेग्री आणि त्यांचे सहकारी हे ब्रिगेडचे खरे मेंदू आहेत, अशा आरोपाखाली पकडले गेले. तो आरोप टिकला नाही, इतर कलमे मात्र राहिली. खटला उभा राहण्याआधी वर्षानुवर्षे कोठडीत ठेवण्याची मुभा कायद्याने दिली होती. खून केलेला माणूस बोलला म्हणून काही वर्षांत बाहेर आणि ज्याच्यापाशी सांगण्यासारखे काही नाही तो आत, हा उलटा हिशेब इटलीतील कायदेपंडितांना अजून छळतो.

इचलकरंजीचा_माग

सगळे मारणाऱ्यांचे आणि मरणाऱ्यांचे लिहीत आहेत, मला तिसऱ्याबद्दल लिहायचे आहे. रोस्सा मेल्यावर नऊ महिन्यांनी, ऑक्टोबर १९७९ मध्ये, फियाटने ६१ कामगारांना कामावरून काढले आणि कारखान्यातील हिंसेचे कारण दिले. त्यांतल्या सगळ्यांचा ब्रिगेडशी संबंध असणे शक्य नव्हते. बरेचसे केवळ उपद्रवी आणि बोलके होते. पण एरवी असा बडगा उगारला असता तर कारखाना बंद पडला असता; त्या वातावरणात युनियनला बचाव करतानाही चाचपडावे लागले. पुढच्या वर्षी कंपनीने १४,००० हून अधिक लोकांना काढण्याचे जाहीर केले, ३५ दिवस गेट रोखून धरले गेले आणि १४ ऑक्टोबर १९८० रोजी कामावर परत जाऊ द्या म्हणत मुकादम, कारकून आणि इतरांचा मोर्चा तुरीनमधून निघाला, ज्याला चाळीस हजारांचा मोर्चा म्हणतात. युनियनने माघार घेतली आणि २३,००० लोक बिनकामाचे घरी बसवले गेले. यंत्रे बदलत होती, बाजार पडला होता, ही कारणे आहेतच. पण 'तप्त शरदा'त जे मिळवले होते त्यातले किती ब्रिगेडच्या गोळ्यांनी मालकाच्या हातात परत दिले, हा हिशेब आमच्यासारख्या माग चालवणाऱ्यांच्या दृष्टीने सगळ्यांत मोठा आहे.

राजारामपुरी_दहावी_गल्ली

हा मुद्दा मला मान्य आहे, आणि त्याने माझी भूमिका थोडी सैल होते. पूर्णतेसाठी नोंद करते की संघटनेचे तुकडे १९८० च्या दशकातही मारत राहिले: मार्च १९८५ मध्ये रोमच्या विद्यापीठात कामगार-अर्थशास्त्रज्ञ एत्सिओ तारान्तेल्ली, एप्रिल १९८८ मध्ये फोर्लीत सिनेटर रोबेर्तो रुफ्फिल्ली. त्यानंतर नाव उचलून घेतलेल्या नव्या गटाने १९९९ मध्ये मास्सिमो द'आन्तोना आणि २००२ मध्ये मार्को बिआजी या कामगार कायद्याच्या दोन अभ्यासकांना मारले. २००३ मध्ये रेल्वेगाडीतील साध्या तपासणीत तो गट उघडा पडला. बळी कोण निवडले गेले ते पाहा: कारखान्याचा दुवा केव्हाच तुटला होता, म्हणून कामगारांविषयी लिहिणारे प्राध्यापक मारले जात होते.

शाहूमिलचा_भोंगा

बेरार्दीचे पुढे काय झाले? आणि रोस्साच्या घरच्यांचे?

जुना_फिटर (धागाकर्ता)

बेरार्दीला शिक्षा झाली आणि ऑक्टोबर १९७९ मध्ये, रोस्साच्या मृत्यूनंतर नऊ महिन्यांनी, त्याने तुरुंगात गळफास घेतला. जेनोवाच्या गटाने मग स्वतःला त्याचे नाव लावले. तो जिवंत असताना त्याच्याकडून पत्रके वाटून घेण्यापलीकडे संघटनेला त्याच्यात किती रस होता, कोण जाणे.

रोस्साची मुलगी साबिना तेव्हा १६ वर्षांची होती. ती पुढे शिक्षिका झाली, २००६ मध्ये सिनेटवर निवडून गेली, आणि वडिलांना मारणाऱ्यांपैकी जिवंत असलेल्या व्हिन्चेन्सो ग्वाल्यार्दो याला तिने स्वतः शोधून काढून भेट घेतली. दुराने परत फिरून छातीत गोळी घातली त्याआधी पायांवर गोळ्या झाडणारा हा माणूस. त्याचा सशर्त सुटकेचा अर्ज न्यायालयापुढे आला तेव्हा त्याला सोडावे असे तिने जाहीरपणे सांगितले. हा ग्वाल्यार्दो संघटनेत येण्यापूर्वी माग्नेती मारेल्ली या मोटारींचे सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यात कामगार होता.